लेकीचं लग्न, कासारीण आणि माझे हात

पेठेतली
मंगळवार, रात्री ११:४०

नमस्कार. इथं चारेक वर्षं वाचते आहे, लिहिते पहिल्यांदाच. पाककृतींवर दोनदा "छान" लिहिलं होतं, तेवढं सोडून.

पुढच्या महिन्यात मुलीचं लग्न आहे. कार्यालय ठरलं, आचारी ठरला, बस्ता झाला. येत्या शुक्रवारी घरी कासारीण येणार आहे बांगड्या भरायला. आणि त्या वेळी मी घरात कुठं असावं, एवढ्या एका गोष्टीवर गेले चार दिवस माझं डोकं अडकलंय.

आमचे हे जाऊन सहा वर्षं झाली. उद्यमनगरात छोटं वर्कशॉप आहे. तीन लेथ, एक मिलिंग, पाच माणसं, फाउंड्रीवाल्यांचं जॉबवर्क. हे गेल्यावर दिरांनी गिऱ्हाईकसुद्धा आणलं होतं, विकून टाकू म्हणून. मी दिलं नाही. बारावी कॉमर्सच्या जोरावर जीएसटी शिकले, आज पार्ट्यांशी दरावरून भांडते. हे आधीच सांगते, नाहीतर खाली सगळे "धीर धरा ताई" लिहीत बसाल.

घरात मला कुणी काही म्हणत नाही. सासूबाईंनी तर तेव्हाच सांगितलं होतं, बांगड्या फोडायच्या नाहीत, काढून ठेव. मंगळसूत्र कपाटात आहे. मी बारीक काळी टिकली लावते. हळदीकुंकवालाही बोलावतात मला. आता कसं बोलावतात ते बघा: "ये गं नक्की, जेवायलाच ये." म्हणजे साडेसातला. हळदीकुंकू पाच ते सात.

परवा अक्का (माझ्या थोरल्या जाऊबाई) म्हणाल्या, "कन्यादानाला आम्ही दोघं बसतो. तुला कशाला दगदग, तू पाहुण्यांकडं बघ." मी लगेच "हो, तेच बरं" म्हणून मोकळी. रात्री मुलगी म्हणाली, "मोठ्या आईनं निदान विषय तरी काढला. तू तर पाट आधीच सोडून बसली होतीस."

खरं आहे तिचं. पहिल्या वर्षी खंडेनवमीला मशिनींची पूजा मी कारागिराच्या हातून करून घेतली आणि स्वतः शटरजवळ उभी राहिले. मला कुणी तिथं उभं केलं नव्हतं. दुसऱ्या वर्षीही तेच. तिसऱ्या वर्षी आमच्या सगळ्यात जुन्या टर्नरनं नारळ माझ्या हातात दिला आणि म्हणाला, "वैनी, फोडा आता. मशीनला काय कळतंय व्हय, कोन हाय ते." तेव्हापासून मीच करते. मग मशीनपुढं जमतं ते माणसांपुढं का जमत नाही?

याचं थोडंफार उत्तर मला ठाऊक आहे, आणि खरं तर तेच सांगायला हा धागा काढला.

लग्न होऊन आले तेव्हा शिवाजी पेठेत आमचं एकत्र घर होतं. घरात एक मोठ्या काकी होत्या, माझ्या चुलत सासूबाई. तिशीच्या आत नवरा गेलेला. माझी पहिली संक्रांत. सोप्यात पंधरा-वीस बायका ओळीनं बसलेल्या, करंड्याचं तबक माझ्या हातात. काकी ओळीच्या टोकाला, भिंतीला टेकून बसल्या होत्या. मी त्यांच्यापर्यंत आले, क्षणभर थांबले, सासूबाईंकडं बघितलं. त्यांनी नुसती पापणी खाली केली. मी तबक घेऊन पुढं गेले.

तेवढ्यात काकी खाली वाकल्या आणि जमिनीवरचा तीळ वेचायला लागल्या. तिथं तीळ नव्हता. नव्या सुनेला अवघडायला नको म्हणून बाईनं नसलेला तीळ उचलला.

पंचवीस वर्षं झाली त्याला. काकी आता नाहीत. मागच्या चैत्रात एका मैत्रिणीकडं लवकर पोचले, तबक माझ्याकडं यायला लागलं आणि मी पर्समधून मोबाइल काढून त्यात बघायला लागले. कुणाचा मेसेज नव्हता.

तर बायांनो (आणि बाप्यांनो), शुक्रवारी मी सोप्यात बसू की स्वयंपाकघरात चहा बघू? तुमच्यापैकी कुणी यातून गेलं असेल तर सांगा. भाषण नको.

---

गंगावेस_कट्टा
मंगळवार, रात्री ११:५८

ताई, बिनधास्त बसा. कावळा नाक्यावर बघा, घोड्यावर कोण बसलंय? १७०० साली राजाराम महाराज गेले, त्यानंतर सात वर्षं औरंगजेबाला झुंजवणारी ताराराणी विधवाच होती की. आणि आपण कोल्हापूरकर तिच्या पुतळ्याला वळसा घालून हळदीकुंकवाला जातो. नाद खुळा सगळा.

---

पेठेतली
बुधवार, सकाळी ६:५०

@गंगावेस_कट्टा, भाऊ, ताराराणींच्या समोर औरंगजेब होता. माझ्यासमोर अक्का आहेत. मी बाळंतीण असताना दोन महिने माझे कपडे धुतलेल्या. त्यांच्यावर तलवार कशी काढू?

---

शिरोळचा
बुधवार, सकाळी ९:१५

हेरवाड आमच्याच तालुक्यातलं. मे २०२२ मध्ये, शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीच्या दिवसांत, तिथल्या ग्रामसभेनं विधवा प्रथा बंद करायचा ठराव केला. नवरा गेला की कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं, जोडवी काढणं, हे सगळं बंद. त्याच महिन्यात ग्रामविकास विभागानं परिपत्रक काढलं की बाकीच्या ग्रामपंचायतींनीही हा कित्ता गिरवावा. कोरोनात तरणीताठी माणसं गेली होती, घरोघरी हे बघितलेलं, त्यामुळं लोकांना ते पटलंही.

पण तुमचं वाचून वाटलं, ठराव अंत्यविधीच्या दिवसाचा आहे. सहा वर्षांनी घरी कासारीण येते त्या दिवसासाठी कुठली ग्रामसभा भरणार? माझ्या आईचं असंच आहे. गावात ठराव झाला म्हणून टाळ्या वाजवून आली, आणि पुतण्याच्या हळदीला मागच्या दारी भांडी मोजत बसली.

---

माजघर
बुधवार, दुपारी २:३०

मी ७१ वर्षांची आहे, इचलकरंजीला असते. नवरा गेल्याला तेवीस वर्षं झाली. माझं थोडं उलटं सांगते, रागावू नका.

मी कुंकू लावत नाही. आता सवय मोडली, नकोच वाटतं. दोन वर्षांमागं एका मंडळानं विधवांचं हळदीकुंकू ठेवलं. सूनबाईनं आग्रह केला म्हणून गेले. स्टेजवर ओळीनं उभं केलं, कुणी पाहुण्या आल्या होत्या, त्यांनी भराभरा सगळ्यांच्या कपाळाला बोट लावलं, फोटो झाले. पूर्वी पुसताना मला कुणी विचारलं नव्हतं. आता लावतानाही नाही.

तेव्हा बाई, आम्ही इथं "बसा बसा" म्हणतोय म्हणून बसू नका. तुम्हाला बांगड्या आवडतात का? एवढंच सांगा आधी.

---

पेठेतली
बुधवार, रात्री १०:०५

@माजघर, काकू, तुमचा प्रश्न दिवसभर डोक्यात होता. जीएसटीचं एक बिल त्या नादात चुकलं.

हो, आवडतात. काचेच्याच आवडतात. सोन्याच्या दोन आहेत हातात, त्या आवाज करत नाहीत. कपिलतीर्थ मार्केटला भाजीला गेले की महाद्वार रोडवरून येताना बांगड्यांच्या दुकानासमोर पाय हळू होतात. हे लिहिताना पण लाज वाटली, एकोणपन्नास वर्षांची बाई आणि हे काय.

---

तर्कट
बुधवार, रात्री १०:४०

मुळात कन्यादानच कशाला? मुलगी म्हणजे काय दान द्यायची वस्तू आहे? सगळी बांगड्या-कुंकवाची भानगडच सोडा, नोंदणी विवाह करा, वाचलेले पैसे मुलीला द्या. एका गुलामीतून बाहेर पडण्यासाठी दुसऱ्या गुलामीत जागा मागणं मला तरी विचित्र वाटतं.

---

गंगावेस_कट्टा
बुधवार, रात्री १०:५२

आले. @तर्कट, तुम्ही स्वतःच्या लग्नात घोड्यावर बसला होता, फोटो टाकला होता इथंच.

---

वकिलीण
बुधवार, रात्री ११:२०

विषय निघालाच आहे तर. हिंदू विवाह कायदा १९५५, कलम ७: दोघांपैकी एका बाजूच्या रूढीनं विधी झाले की लग्न वैध. त्या रूढीत सप्तपदी असेल तर सातवं पाऊल पडलं की लग्न पूर्ण. कन्यादानाचा त्या कलमात उल्लेखही नाही, आणि ते आवश्यक नाही असं अलाहाबाद उच्च न्यायालयानं २०२४ मध्ये म्हटलेलंही आहे. म्हणजे कन्यादानाला आई बसो, काका बसो की कुणीच न बसो, लग्नाला बाध येत नाही.

कोर्टात मात्र असली प्रकरणं येत नाहीत. "तुला कशाला दगदग" याविरुद्ध दावा कसा लावणार?

---

दर्भ_आणि_दुर्वा
गुरुवार, सकाळी ७:३०

मी पौरोहित्य करतो. धाग्यावर सहसा लिहीत नाही, पण एक गोष्ट नोंदवतो. कन्या देण्याचा अधिकार कुणाला, याची यादी याज्ञवल्क्यस्मृतीच्या आचाराध्यायात आहे. पिता, पितामह, भ्राता, सकुल्य, आणि "जननी तथा". आई आहे त्यात. यादीत शेवटी आहे, पण आहे. तिनं कपाळावर काय लावलेलं असावं याची अट तिथं नाही.

यजमानांकडं मी हे सांगतो तेव्हा बहुतेक वेळा पुरुष मंडळी मान डोलावतात आणि नको म्हणते ती मुलीची आई. गुरुजी कबूल, भाऊबंद कबूल, आणि आई पदर तोंडाला लावून मागं सरकते. असं मी कितीदा तरी पाहिलंय. त्यामुळे तुमचं लेखन वाचून मला नवल वाटलं नाही, वाईट वाटलं.

---

स्पष्टवक्ती_५५
गुरुवार, सकाळी ११:१०

सगळे एकाच सुरात बोलताय म्हणून लिहिते. समाजात राहायचं आहे ना आपल्याला? मुलीच्या सासरचे काय म्हणतील याचा विचार केला का? आणि समजा, देव न करो, पुढं काही कमी-जास्त झालं, तर लोक सोडाच, तुम्हाला स्वतःलाच आयुष्यभर टोचत राहील की मी का हात लावला. जाऊबाई मायेनं बसतायत, बसू द्या. पोरीच्या भल्यासाठी आईनं एक पाऊल मागं घेतलं तर काय बिघडतं?

---

तर्कट
गुरुवार, सकाळी ११:१४

२१ वं शतक आहे म्हणे.

---

पेठेतली
गुरुवार, दुपारी १:२०

नाही, @तर्कट, त्यांना हसू नका. त्या जे लिहितायत तेच रात्री तीन वाजता मला ऐकू येतं. सासरचे, लोक, अक्का, ही सगळी दिवसाची कारणं झाली. खरी भीती एवढीच आहे की माझ्या हातानं लेकीला हळद लागली आणि उद्या जावयाला साधी सर्दी झाली, तरी मी माझ्या हाताकडं बघेन. असं काही नसतं हे मला कळतं. पण लेथवर आकडा एक आणि जॉब निघतो भलताच, तसं चाललंय.

---

माजघर
गुरुवार, दुपारी ३:००

तुमच्या लग्नात तुम्हाला हळद कुणी लावली होती?

---

पेठेतली
गुरुवार, रात्री ९:४५

काकू, आईला फोन केला. ती ७६ वर्षांची आहे, पण हे असलं सगळं तिला पाठ. पाच सवाष्णी. थोरली मावशी, मामी, शेजारच्या दोघी, आणि एक खास गारगोटीहून आणलेली, जिला पाच मुलगे होते. पाचही जणींचे नवरे तेव्हा हयात होते, दोघींचे अजून आहेत. पत्रिकेत अठ्ठावीस गुण जुळले होते. मुहूर्त काढायला आजोबा नृसिंहवाडीला गेले होते. कशातही खोट नव्हती.

हे आईला बोलून दाखवलं तर ती बराच वेळ गप्प. मग म्हणाली, "मग काय, त्या गारगोटीच्या बाईला बोल लावणार आहेस का?"

मी म्हटलं, तिला कशाला बोल लावू.

"मग," म्हणाली, आणि औषधाची वेळ झाली म्हणून फोन ठेवला.

---

कोष्टी_गल्ली
गुरुवार, रात्री १०:३०

वाचून काटा आला अंगावर. एक अवांतर. शाहू महाराजांनी विधवा पुनर्विवाहाचा कायदा केला तो १९१७ चा. पुढच्याच वर्षी त्यांचा धाकटा मुलगा शिकारीत गेला आणि कोवळ्या वयातली सून, इंदुमतीदेवी, विधवा झाली. महाराजांनी सोनतळीला तिच्या शिक्षणाची व्यवस्था केली, सोबतीला इतर जातींतल्या मुली ठेवल्या. पण पुनर्विवाह तिचा झाला नाही. कायदा करणाऱ्या राजाच्याच घरातली ही गोष्ट. म्हणून @पेठेतली, आपल्याला चार दिवसांत जमलं नाही तर फार मनाला लावून घेऊ नका.

---

शिरोळचा
गुरुवार, रात्री १०:४१

उद्या शुक्रवार. कळवा ताई.

---

पेठेतली
शनिवार, रात्री ११:३०

काल लिहायला जमलं नाही, घर पाहुण्यांनी भरलंय.

तर झालं ते असं. कासारीण चारला आली. सोप्यात सतरंजी टाकली, तिनं पेटी उघडली, पहिल्या बांगड्या अंबाबाईच्या नावानं बाजूला काढल्या. मुलगी पाटावर बसली. मी कुठं असेन? स्वयंपाकघरात. सोळा कप चहा टाकला होता, आणि तो उतू जाऊ नये म्हणून कुणीतरी थांबायला हवंच होतं. इतकं सगळं इथं लिहून, वाचून, शेवटी मी गॅसजवळ.

मुलीच्या हातात भरून झाल्या तशी कासारीण म्हणाली, "नवरीची आई कुठं हाय?" कुणीच बोललं नाही. मग मुलगी नुसतं "आई" म्हणाली. ओरडून नाही.

मी गॅस बंद केला. पदराला हात पुसत बाहेर आले आणि सतरंजीवर बसले. दहा-बारा बायका होत्या, कुणाकडंही बघितलं नाही. कासारणीनं माझा हात घेतला, अंगठा दाबून बघितला, सगळी बोटं जुळवून मिटवली. म्हटलं, पूर्वी दोन-चार लागायच्या. ती म्हणाली, "ते पूर्वी. आता दोन-सहाबी मुश्किलीनं जातील. काम करतासा काय हातानं?" मी म्हटलं, वर्कशॉप आहे. "तरीच," म्हणाली, आणि हिरव्या काढल्या. कुठल्या रंगाच्या हे तिनं विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.

पहिली बांगडी अंगठ्याच्या हाडाशी अडकली. हात थरथरत होता, ताठ झाला होता. कासारणीनं साबण लावला, तरी जाईना. मला वाटलं आता वाढणार, आणि सगळ्यांच्या मनात काय येईल तेही दिसायला लागलं. तेवढ्यात कुणीतरी मागून माझं कोपर धरलं. अक्का. "ढिला सोड गं हात. ताठ धरलास तर वाढतील." त्यांनी कोपर तसंच धरून ठेवलं, दोन्ही हातांच्या भरून होईपर्यंत. एका हातात सहा, एका हातात सात. एकही वाढली नाही.

नंतर चहा प्यायलो, पार काढा झालेला. अक्का कन्यादानाबद्दल काही बोलल्या नाहीत, मीही नाही. आज सकाळी त्याच म्हणाल्या, "तुझ्या पाटाला रांगोळी कुठली काढायची गं?" माझ्या पाटाला, असं म्हणाल्या. मी पुन्हा विचारून खात्री करून घेतली नाही. हळद कोण लावणार ते अजून ठरलेलं नाही. टिकली काळीच आहे, @माजघर काकू, ती मला आवडते.

दुपारी वर्कशॉपला गेले होते, आमच्या म्हाताऱ्या टर्नरनं लांबूनच हात बघितले. म्हटलं, आता हा काहीतरी चांगलं बोलणार. तर म्हणतो, "वैनी, लग्न हुईपतोर लेथच्या जवळ याचं न्हाई. काच हाय ती. तिथंच खुर्चीत बसायचं."

---

माजघर
रविवार, सकाळी ६:१५

बरोबर बोलला तो. लेथपासून लांबच राहा.

---

गंगावेस_कट्टा
रविवार, सकाळी ८:०२

ताई, कासारणीचा नंबर व्यनि करा. बहिणीचं ठरलंय, मे मधलं. आमच्याकडं आत्ती आहे एक, तिचाही हात दाखवायचाय.